सुप्पारकाचे सहा समुद्र



अंजूरला इतिहासाचं व्याख्यान म्हटलं की वसईची मोहीम, चिमाजी अप्पा आणि गंगाजी नाईक यांची आठवण होणारच. त्या विषयाकडे आपण शेवटी येणार आहोत. पण आज मी जो प्रदेश निवडला आहे, तो कुठल्याही नकाशावर सापडायचा नाही. तो समुद्रात आहे. तिथे एका समुद्रात वस्तऱ्यासारख्या नाकाचे मासे माणसांसारखे वर येतात आणि बुडतात. दुसरा समुद्र आगीसारखा पेटलेला दिसतो. तिसरा दह्यासारखा पांढरा आहे, चौथा हिरव्या कुशगवतासारखा, पाचवा बोरूच्या बेटासारखा. या पाचांच्या पलीकडे पाण्याचा एक प्रचंड खड्डा आहे. त्यात गेलेली नाव परत येत नाही.

तुम्ही म्हणाल, ही गोष्ट झाली, इतिहास कुठे आहे? प्रश्न रास्त आहे. हे समुद्र खोटे, पण ते कल्पिणारी माणसं खरी होती. ती आपल्या शेजारची होती, हेही लक्षात घ्या. उल्हास नदी कल्याणवरून येते, आपल्या भिवंडी परिसराच्या कडेने खाडी होऊन पुढे सरकते आणि वसईला समुद्राला मिळते. वसईच्या उत्तरेला थोड्याच अंतरावर सोपारा आहे, आजचा नालासोपारा. संस्कृतात त्याचं नाव शूर्पारक, पालीत सुप्पारक. आपल्या गोष्टीतल्या नावाड्याचं नावही सुप्पारकच आहे. तेव्हा हा काल्पनिक समुद्र आपल्याच दारातून निघतो, असं म्हणायला हरकत नाही.

माझा आजचा मुद्दा आधीच सांगून ठेवतो, म्हणजे वाट चुकायला नको. अद्भुत समुद्र दोन प्रकारे कल्पिता येतो: किनाऱ्यावर बसून आणि नावेत बसून. दोन्हीत चमत्कार असतात, पण फरक ओळखता येतो. तो ओळखायला शिकलो, तर ज्यांनी स्वतः काही लिहून ठेवलं नाही अशा माणसांचा आवाज आपल्याला ऐकू येतो.

आधी गोष्ट.

पाली जातकांचा जो मोठा संग्रह आहे, त्यात ५४७ कथा आहेत. त्यातली ४६३ वी सुप्पारक जातक. भरुकच्छ म्हणजे आजचं भडोच, नर्मदेच्या मुखावरचं बंदर. तिथल्या मुख्य नावाड्याच्या घरी बोधिसत्त्व जन्माला येतो, त्याचं नाव सुप्पारक. सोळाव्या वर्षी तो ही विद्या पुरी शिकतो, आणि वडील गेल्यावर नावाड्यांचा प्रमुख होतो. तो ज्या नावेवर असेल तिला कधी अपघात होत नाही, अशी त्याची ख्याती. पुढे खाऱ्या पाण्याने त्याचे दोन्ही डोळे जातात. समुद्र सोडून तो राजाकडे पारखी म्हणून नोकरीला लागतो.

इथला तपशील फार सुंदर आहे. राजापुढे हत्ती आणतात. हा आंधळा माणूस त्याच्या अंगावरून हात फिरवतो आणि सांगतो, हा राजाच्या कामाचा नाही. जन्मताना याच्या आईने याला नीट झेलून घेतलं नाही, जमिनीवर पडला, म्हणून याचे मागचे पाय कमजोर आहेत. घोडा आणतात, तर म्हणतो, याची आई याच्या जन्माच्या दिवशीच मेली, याला आईचं दूध मिळालेलं नाही. रथ आणतात, तर म्हणतो, हा पोकळ झाडाच्या लाकडाचा आहे. कांबळं आणतात, तर उंदराने कुरतडलेली जागा बोटांनी दाखवतो. प्रत्येक वेळी राजा त्याला आठ नाणी देतो. चौथ्या वेळी तो मनाशी म्हणतो, ही बिदागी न्हाव्याला शोभेल अशी आहे, हा राजा न्हाव्याचाच पोर असला पाहिजे. आणि नोकरी सोडून घरी जातो. या टोमण्यात त्या काळाचा जातीचा तोरा आहे, तो लपवायचं कारण नाही. पण त्यामागची तक्रार प्रत्येक कारागिराला कळेल. कसब अमोल, आणि मोबदला आठ नाणी.

मग व्यापारी येतात. त्यांची नाव तयार आहे, पण निर्यामक नाही. निर्यामक म्हणजे नाव चालवणारा, वाट दाखवणारा. आपल्याकडचा तांडेल म्हणा. सुप्पारक म्हणतो, बाबांनो, मी आंधळा. ते म्हणतात, आंधळे असलात तरी आमच्यात तुम्हीच सगळ्यांत जाणते. नाव निघते. सात दिवस सुखात जातात. मग अवेळी वारा सुटतो आणि नाव चार महिने भरकटते. तेव्हा ते अद्भुत समुद्र एकेक करून समोर यायला लागतात.

प्रत्येक समुद्रापाशी व्यापारी घाबरून विचारतात, सुप्पारका, हा कोणता समुद्र? आणि तो नाव सांगतो. खुरमाल, अग्गिमाल, दधिमाल, कुसमाल, नळमाल. आंधळा माणूस नाव कसं सांगतो? ते डोळ्यांनी पाहिलेलं वर्णन करतात, आणि तो ते आपल्या ‘नियामकसुत्ता’शी ताडून पाहतो. म्हणजे नावाड्यांच्या विद्येची जी सूत्रं त्याने पाठ केली होती, त्यांच्याशी. हा एक शब्द माझ्या दृष्टीने या सबंध कथेतला सगळ्यांत मोठा ऐतिहासिक पुरावा आहे. त्याच्याकडे आपण परत येऊ.

पहिल्या समुद्राच्या तळाशी हिरे आहेत, दुसऱ्यात सोनं, तिसऱ्यात रुपं, पुढच्यांतही अशीच रत्नं. सुप्पारकाला हे माहीत आहे, पण तो बोलत नाही. त्याच्या मनात येतं, यांना सांगितलं तर हे हावेपोटी इतकं भरतील की नाव बुडेल. म्हणून तो नाव थांबवायला लावतो, मासे धरायचेत असं दाखवून दोर खाली सोडतो, थोडे हिरे वर घेतो आणि तेवढ्या वजनाचा कमी किमतीचा माल पाण्यात टाकायला लावतो. प्रत्येक समुद्रात हेच.

शेवटी येतो तो खड्डा. पालीत वळभामुख, संस्कृतात वडवामुख. पाणी ओढलं जातं, चारी बाजूंनी कड्यासारखं उभं राहतं, कानठळ्या बसवणारा आवाज होतो. नावेवरची सातशे माणसं एकदम आक्रोश करतात. सुप्पारक स्नान करतो, नवी वस्त्रं नेसतो, भरलेलं पात्र हातात घेऊन नाळेवर उभा राहतो आणि सत्यक्रिया करतो. म्हणजे आपल्या आयुष्यातलं एक सत्य उच्चारून त्या सत्याच्या बळावर मागणं मागतो. सत्य कोणतं? कळतं झाल्यापासून मी जाणूनबुजून एकाही जिवाला इजा केलेली नाही. नाव वळते, आणि चार महिन्यांची वाट एका दिवसात तोडून भरुकच्छला येते. नुसती बंदरात नाही, तर जमिनीवरून चालत थेट त्याच्या दारात! तिथे तो ती रत्नं व्यापाऱ्यांत वाटून टाकतो आणि सांगतो, जन्मभर पुरेल एवढं आहे, आता पुन्हा समुद्रावर जाऊ नका.

आता याची तुलना दुसऱ्या एका अद्भुत समुद्राशी करू. तो तुम्हाला चांगला ठाऊक आहे. आपण ‘सात समुद्रापार’ म्हणतो ना, ते सात समुद्र पुराणांतले. मध्ये जंबुद्वीप, त्याभोवती खाऱ्या पाण्याचा समुद्र. मग द्वीप, मग उसाच्या रसाचा समुद्र. मग द्वीप, मग मद्याचा. पुढे तुपाचा, दह्याचा, दुधाचा, आणि शेवटी गोड्या पाण्याचा. कड्यात कडं बसवावं तशी ही रचना, आणि पुराणं सांगतात की प्रत्येक द्वीप आधीच्या दुप्पट. अतिशय सुबक, अतिशय भव्य कल्पना.

पण जरा विचार करा. या समुद्रांवर वारा आहे का? नाव आहे का? कुणी वाट चुकतं का? तळ किती खोल, हे पाहायला कुणी दोर सोडतं का? नाही. हे समुद्र स्वयंपाकघरातल्या बरण्यांसारखे ओळीने मांडलेले आहेत. सगळे पदार्थही घरातले: ऊस, तूप, दही, दूध. ही विश्वरचना आहे, प्रवास नाही. ती कमी प्रतीची आहे असं मी म्हणत नाही. पण ती किनाऱ्यावरून, खरं तर किनाऱ्यापासून बऱ्याच आत बसून कल्पिलेली आहे. शास्त्रकारांचं समुद्राशी नातंही तसंच आडमुठं होतं. बौधायन धर्मसूत्रात समुद्रप्रवास हा उत्तरेकडच्या लोकांचा आचार म्हणून येतो, आणि त्याच ग्रंथात दुसरीकडे तो पातित्य आणणाऱ्या कर्मांच्या यादीत बसतो. पुढे तर कलियुगात वर्ज्य ठरलेल्या गोष्टींत द्विजांच्या समुद्रगमनाची गणना झाली. ज्यांनी लेखणी धरली त्यांतले बरेच जण समुद्रावर गेले नाहीत, आणि जे गेले त्यांच्या हाती लेखणी नव्हती.

सुप्पारकाच्या समुद्रांतही दही आहे बरं का. दधिमाल. नाव पुराणातल्या दधिसमुद्राच्या जवळचं. पण इथे समुद्र दह्याचा नाही, दह्यासारखा दिसतो. अग्गिमाल आगीसारखा दिसतो. कुसमाल कुशासारखा. हा ‘सारखा’ फार महत्त्वाचा आहे. नावेवरचा माणूस पाण्याचा रंग पाहतो आणि त्यावरून आपण कुठे आहोत याचा अंदाज बांधतो. ती त्याची गरज असते, हौस नव्हे.

याला बाहेरचा साक्षीदार आहे. इसवी सनाच्या पहिल्या शतकात इजिप्तमध्ये राहणाऱ्या एका ग्रीक भाषिक व्यापाऱ्याने एक छोटी पुस्तिका लिहिली, ‘एरिथ्रियन समुद्राचा पेरिप्लस’. लेखकाचं नाव आपल्यापर्यंत पोचलेलं नाही. पुस्तिका अगदी रोखठोक: कुठल्या बंदरात काय विकतं, काय मिळतं, धोका कुठे आहे. हा माणूस लिहितो की सिंधू नदीचं मुख जवळ आलं हे पांढुरक्या पाण्यावरून आणि वर येणाऱ्या सापांवरून ओळखावं. पुढे भडोचच्या बाजूला साप लहान असतात आणि त्यांचा रंग हिरवा-सोनेरी. म्हणजे पाण्याचा रंग आणि समुद्रातले जीव ही त्याच्या लेखी वाटेवरची मैलाची दगडं आहेत. हेच वर्णन एखाद्या भिक्षूने रात्री कथेत सांगितलं असतं, तर आपण त्याला अद्भुतरम्य म्हटलं असतं!

आणखी पाहा. हाच लेखक भडोचच्या भरतीचं वर्णन करतो. अमावास्येच्या सुमारास समुद्राचा तळ एकदम उघडा पडतो, कोरडी जमीन बघता बघता समुद्र होते, लांबून सैन्याचा गलका ऐकू यावा तसा आवाज येतो आणि पाणी उथळ जागांवरून गर्जत आत शिरतं. नवख्यांची गलबतं वाळूत रुततात, उलटतात. खंबातच्या आखातातली भरती-ओहोटी आजही भारतातल्या सगळ्यांत मोठ्यांपैकी आहे. आता वडवामुख आठवा: ओढलं जाणारं पाणी, उभी राहणारी भिंत, गर्जना. आणि सुप्पारकाची नाव निघाली कुठून? भडोचहूनच. मी असं म्हणणार नाही की वडवामुख म्हणजे खंबातची भरती. तशी समीकरणं मांडायची घाई इतिहासकाराने करू नये. वडवाग्नीची कल्पना स्वतंत्र आहे. महाभारतात और्व ऋषीचा क्रोधाग्नी समुद्रात सोडला आणि तो घोड्याच्या मुखाच्या रूपाने तिथे राहिला, अशी ती कथा. नद्या अखंड येऊन मिळतात तरी समुद्र उतू का जात नाही, या प्रश्नाचं ते उत्तर होतं. पण कल्पना पोथीतून आली तरी ती ऐकणाऱ्या भडोचच्या माणसाच्या डोळ्यांपुढे कोणतं पाणी उभं राहत असेल? जे तो महिन्यातून दोनदा पाहत होता, तेच ना?

दुधाळ समुद्राचंही तसंच. खलाशांनी शतकानुशतकं सांगितलं की रात्री कधी कधी सगळा समुद्र क्षितिजापर्यंत पांढरा चकाकतो. विद्वानांना ती थाप वाटायची. १९९५ च्या जानेवारीत ‘लिमा’ नावाच्या ब्रिटिश जहाजाने सोमालियाजवळ असा समुद्र पाहून नोंद केली. दहा वर्षांनी शास्त्रज्ञांनी त्या रात्रीची उपग्रहाची चित्रं काढून पाहिली, तर तो उजळलेला पट्टा तिथे होता, सुमारे १५,४०० चौरस किलोमीटरचा! प्रकाश देणाऱ्या जिवाणूंमुळे असं होतं, असं आज मानतात. हा आपलाच अरबी समुद्र. दधिमाल म्हणजे हेच असं मी सिद्ध करू शकत नाही. एवढंच म्हणतो की खलाशाने काही विलक्षण सांगितलं की तो फेकतोय असं समजायची सवय आपण सोडायला हवी.

मग ‘नियामकसुत्त’ म्हणजे काय असेल? पुस्तक आपल्या हाती नाही. पण कथेतल्या गाथांची ठेवण पाहा. प्रश्न ठरलेल्या साच्यात: अमुक दिसतंय, सुप्पारका, हा कोणता समुद्र? उत्तर ठरलेल्या साच्यात: धनाच्या शोधात भरुकच्छहून निघालेल्या, वाट चुकलेल्या नावेला लागणारा हा अमुक समुद्र. पाच-सहा वेळा तोच साचा, फक्त खूण आणि नाव बदलतं. जातकांत गाथा जुन्या आणि भोवतीचं गद्य नंतरचं, ते साधारण पाचव्या शतकात श्रीलंकेत स्थिरावलं, असं अभ्यासक मानतात. मला या गाथांत पाठांतराची रीत ऐकू येते. खूण सांग, नाव सांग. वाचता न येणाऱ्या मुलाला विद्या द्यायची तर अशीच द्यावी लागते. हा माझा तर्क आहे, तर्क म्हणूनच घ्या. पण आंधळा निर्यामक ही कल्पनासुद्धा त्याच दिशेला बोट दाखवते. डोळे गेले तरी जी विद्या शाबूत राहते, ती पाठ केलेली आणि हाताला मुरलेली विद्या. हत्ती-घोड्यांचा प्रसंग उगाच आलेला नाही.

असे निर्यामक खरोखर होते का? होते. पेरिप्लसच म्हणतो की भडोचच्या आखातात शिरणं इतकं अवघड आहे की राजाच्या चाकरीतले स्थानिक मच्छीमार ‘त्रप्पग’ आणि ‘कोटिंब’ नावाच्या होड्या घेऊन पार सौराष्ट्राच्या किनाऱ्यापर्यंत सामोरे जातात आणि परदेशी जहाजांना वाट दाखवत, भरतीचं पाणी सांभाळत आत आणतात. आता गंमत बघा. ‘अंगविज्जा’ नावाच्या प्राकृत जैन ग्रंथात नावांच्या प्रकारांची यादी आहे, तिच्यात ‘कोट्टिंब’ आणि ‘तप्पक’ हे शब्द येतात. डॉ. मोतीचंद्रांनी ‘सार्थवाह’ या आपल्या ग्रंथात याकडे लक्ष वेधलं आहे. ग्रीक व्यापाऱ्याच्या कानावर पडलेला शब्द आणि प्राकृत पोथीतला शब्द जुळतो. त्या मच्छीमारांपैकी एकाचंही नाव उरलेलं नाही. होड्यांची नावं तेवढी उरली.

याच पुस्तिकेत सोपारा आहे, कल्याणही आहे. कल्याणबद्दल लिहिलंय की पूर्वी हे रीतसर बंदर होतं, पण पुढे सत्ता बदलली आणि चुकून तिथे आलेली ग्रीक गलबतं पहाऱ्यात भडोचला नेली जाऊ लागली. कल्याणला समुद्रातून यायचं तर खाडीनेच यावं लागणार. तेव्हा त्या गोऱ्या खलाशांनी या आपल्या परिसरातलं पाणी पाहिलेलं असणार, बहुधा स्थानिक तांडेलाच्या भरवशावर.

आता गोष्टीच्या दुसऱ्या पाठाकडे येऊ. साधारण चौथ्या शतकात आर्यशूर नावाच्या कवीने संस्कृतात ‘जातकमाला’ रचली. तिच्यात ही कथा ‘सुपारग जातक’ म्हणून आहे. सुपारग म्हणजे सुखरूप पार नेणारा. इथे तो भडोचचा नाही, तर त्याच्याच नावाच्या बंदराचा, म्हणजे आपल्या सोपाऱ्याचा! तो म्हातारा झालाय, दृष्टी अधू आहे. सुवर्णभूमीच्या वाटेवर निघालेले भडोचचे व्यापारी सोपाऱ्याला येतात आणि शकुनाचा माणूस म्हणून त्याला नावेवर घेतात. समुद्र जवळजवळ तेच. पण रत्नांचा प्रसंग बदललाय. नाव संकटातून सुटल्यावर सुपारग म्हणतो, वाळू आणि दगड भरून घ्या, नाव वाऱ्यात तोलून राहील. व्यापारी मुकाट्याने भरतात. घरी येऊन पाहतात तर ती रत्नं.

तळाशी भार असल्याशिवाय रिकामी नाव उलटते, हे कुणाही नाखव्याला विचारा. दगड-वाळू भरणं ही रोजची रीत. आर्यशूराने, किंवा त्याला गोष्ट सांगणाऱ्याने, चमत्काराला या रोजच्या रीतीवर बसवलंय. आणि दोन्ही पाठांत एक गोष्ट कायम आहे. व्यापाऱ्यांना खरं काय ते सांगितलेलं नाही. एकात मासेमारीचं निमित्त, दुसऱ्यात भाराचं. पालीत तर कारणही उघड दिलंय: हाव सुटली की नाव बुडते.

मला वाटतं, या कथेच्या पोटात हाच खरा पेच आहे. माहिती एकाकडे आणि मालकी दुसऱ्याकडे, असा समुद्राचा व्यवहार. नाव व्यापाऱ्याची, जीव सगळ्यांचा, आणि वाट ठाऊक फक्त निर्यामकाला. मालकाला सगळं सांगावं, तर त्याच्या हावेने सगळेच बुडतील. लपवावं, तर तो विश्वासघात नाही का? सुप्पारक लपवतो, पण स्वतःसाठी काही ठेवत नाही. घरी आल्यावर सगळं वाटून टाकतो. त्याच्या गप्प राहण्याला त्याच्या चारित्र्याचं तारण आहे. म्हणून शेवटची सत्यक्रियाही पूजापाठाची नाही, तर आयुष्यभराच्या वागण्याची आहे. जहाजावरच्या माणसांनी सांगितलेली गोष्ट अशी असते. तिच्यात नीती वरून चिकटवलेली नसते, ती नावेच्या वजनाशी बांधलेली असते.

सोपाऱ्याचीच आणखी एक कथा आहे, पूर्णाची. ‘दिव्यावदान’ या संस्कृत ग्रंथात ती येते. सोपाऱ्याच्या भव नावाच्या गृहस्थाला दासीपासून झालेला मुलगा पूर्ण. भावांनी त्याला वाटा दिला नाही. तो अक्कलहुशारीने मोठा व्यापारी झाला, सहा वेळा समुद्र पार करून आला. सातव्या सफरीत श्रावस्तीचे व्यापारी बरोबर होते, पहाटे ते बुद्धवचनं म्हणत. ती ऐकून त्याचं मन पालटलं आणि तो भिक्षू झाला. पुढे त्याचा भाऊ भविल गोशीर्ष चंदनाच्या बेटावर गेला, तेव्हा त्या बेटाच्या यक्षाने वादळ उठवलं. पूर्णाने आकाशमार्गे येऊन नाव वाचवली. त्या चंदनाचा प्रासाद सोपाऱ्याला बांधला आणि बुद्धाला तिथे आमंत्रण दिलं. अजिंठ्याच्या दुसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात ही कथा चितारलेली आहे, तिच्यातली शिडांची नाव अनेकांनी पाहिली असेल. समुद्रापासून इतक्या लांब, सह्याद्रीपलीकडे डोंगरात, सोपाऱ्याचं गलबत भिंतीवर आलं.

कुणाला वाटेल, या सगळ्या पोथीतल्या गप्पा. तर १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजींनी सोपाऱ्याच्या स्तूपात उत्खनन केलं. आत दगडी पेटी, तिच्यात तांब्याचा करंडक, भोवती बुद्धांच्या आठ धातुमूर्ती. करंडकाच्या आत एकात एक चांदीचा, दगडाचा, स्फटिकाचा, सोन्याचा असे करंडक, आणि शेवटी मातीच्या पात्राचे तुकडे. यज्ञ सातकर्णीचं चांदीचं नाणंही मिळालं. त्याच वर्षी सोपाऱ्याला अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा सापडला, आणि १९५६ मध्ये जवळच भुईगावला नवव्याचा. बंदर खरं होतं, त्याची श्रीमंती खरी होती. एकात एक सोन्यारुप्याचे करंडक आणि सगळ्यांच्या गाभ्यात भाजक्या मातीचे तुकडे, हे पाहिल्यावर, घरी सुखरूप आलेल्या व्यापाऱ्यांनी त्या दैवी वाटणाऱ्या पाण्याचे उपकार कसे मानले असतील याचा अंदाज येतो.

याच सोपाऱ्याची ब्राह्मणी परंपरेतली कथाही समुद्राचीच आहे. परशुरामाने पृथ्वी दान केली, त्याला राहायला जागा उरली नाही, तेव्हा समुद्राने त्याच्यासाठी शूर्पारक देश निर्माण केला, असं महाभारताच्या शांतिपर्वात येतं. इथे समुद्र माघार घेतो. कोकणातल्या माणसाला ही गोष्ट परकी वाटत नाही, कारण बांध घालून खारं पाणी मागे हटवायचं आणि त्या खारीत भात पिकवायचं, हे आपल्या बापजाद्यांनी पिढ्यान्‌पिढ्या केलं. फरक एवढाच, की कथेत एका पुरुषाच्या तेजाने जे घडतं, ते शिवारात शेकडो हातांच्या चिखलातल्या कामाने घडतं. त्या हातांची नावं कथेत नाहीत.

म्हणून आता अंजूरकडे येतो. १६५७ मध्ये कल्याण-भिवंडी स्वराज्यात आली आणि याच खाडीच्या आधाराने शिवाजी महाराजांच्या आरमाराची बांधणी सुरू झाली. पुढे रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात आरमारावर स्वतंत्र प्रकरण आलं. लेखणी आणि गलबत यांची भेट झाल्याचं हे मराठीतलं दुर्मीळ उदाहरण. १७३७ ला साष्टी-वसईची मोहीम उभी राहिली, तेव्हा गंगाजी नाईक अंजूरकर आणि त्यांच्या भावांनी जी मदत केली, तिच्यात इथल्या वाटा, खाड्या आणि माणसं यांची माहिती हे मोठं भांडवल होतं. १७३९ मध्ये वसई पडली. तारखा आपल्याला पाठ आहेत, सरदारांची नावं पाठ आहेत. पण ओहोटीच्या चिखलातून रात्री वाट कुठून आहे, हे ज्याला ठाऊक होतं तो माणूस कोण? तो त्या मोहिमेचा सुप्पारक. त्याचंही नाव नाही.

मंडळी, समुद्राचा इतिहास लिहिताना आपली मोठी अडचण हीच आहे. पुराणांचे सात समुद्र पूर्ण वाचले, कारण ते लिहिणाऱ्यांचे होते. नियामकसुत्त गेलं, कारण ते करणाऱ्यांचं होतं. ते आपल्यापर्यंत आलं ते एका भिक्षूने सांगितलेल्या अद्भुत कथेच्या पोटात लपून, व्यापाऱ्यांच्या नजरेआड आणलेल्या हिऱ्यांसारखं. म्हणून अशा कथा ‘भाकडकथा’ म्हणून बाजूला टाकणं इतिहासाला परवडणारं नाही. आणि त्यांतला चमत्कार जसाच्या तसा खरा मानणं हेही तितकंच घातक. कथेत दोर कुठे सोडलाय, भार कुठे टाकलाय, पाण्याचा रंग कुणी कुणाला विचारलाय, ते पाहायचं. तिथे माणूस सापडतो.

आणि एक काम आहे, ते ग्रंथालयात बसून होण्यासारखं नाही. उधाण आणि भांग, खारा वारा आणि मतलई, पाणी कधी फिरतं, कुठल्या वळणावर गाळ धरतो, हे सगळं आजही खाडीकाठच्या कोळी-आगरी म्हाताऱ्यांच्या तोंडी आहे. तेच आपलं नियामकसुत्त. खाडीत मासा कमी झाला, भराव वाढला, मुलं गोदामांत आणि रिक्षांवर कामाला लागली. ही विद्या विचारायला येणारं आता कुणी उरलेलं नाही. सुप्पारकाला निदान विचारणारे व्यापारी होते, भीतीने का होईना, पण ते विचारत होते: हा कोणता समुद्र? इथल्या शाळांतल्या मुलांनी वह्या घेऊन आपल्या आजोबांना एवढाच प्रश्न विचारावा. मिळालेलं उत्तर जसं सांगितलं तसं लिहून ठेवावं, त्यात भूत आलं तरी, जलदेवता आली तरी. गाळायचं काय ते पुढचे लोक ठरवतील. आधी ते लिहिलेलं असलं पाहिजे.